इंग्रजी वाक्य उलगडून बघायला लागले तेव्हा

शाळेत आपलं इंग्रजी ग्रामर म्हणजे टेन्सचा तक्ता पाठ करा, व्हॉइस बदला, डायरेक्टचं इनडायरेक्ट करा, पार्ट्स ऑफ स्पीच ओळखा, झालं. मार्क पडायचे, त्यात काही अडचण नव्हती. पण प्रश्न विचारताना मध्येच तो 'डू' कुठून येतो, 'ही प्लेज' चं 'डझ ही प्ले' होताना शेवटचा 'ज' कुठे गायब होतो, आणि 'कॅन' ला 'डू' का चालत नाही, याला "तसा नियम आहे" यापलीकडे उत्तर कधी मिळालं नाही. नियम आहे हे कबूल, पण तो तसाच का आहे हे कुणीतरी सांगायला हवं ना. मी लिंग्विस्टिक्सच्या बाजूने इंग्रजी वाचायला घेतलं ते याच एका प्रश्नासाठी, आणि मग त्यातून बाहेर पडावंसंच वाटलं नाही. व्याकरण ही पाठ करायची गोष्ट नसून शोधून काढायची गोष्ट आहे, तीही स्वतःच्या वहीत, स्वतः वाक्यं हलवून बघत, हे तेव्हा पहिल्यांदा जाणवलं आणि म्हणूनच हे सविस्तर लिहितेय.

सगळ्यात आधी बदलली ती चुकीच्या वाक्यांची किंमत. शाळेत चुकीच्या वाक्यावर लाल फुली बसली की त्याचं काम संपलं. इथे उलटं. चुकीच्या वाक्याच्या आधी एक स्टार काढतात आणि ते बरोबर वाक्याच्या शेजारी जपून ठेवतात, कारण दोघांत जो एवढासा फरक असतो तोच नियम काय आहे ते सांगतो. माझ्या वहीत हळूहळू स्टारवालीच वाक्यं जास्त झाली. एक वाक्य घ्यायचं, त्यात एकच गोष्ट बदलायची, चालतं का बघायचं, नाही चाललं तर स्टार. एका वेळी एकच बदल, हे महत्त्वाचं आहे, दोन बदल एकदम केले तर वाक्य नक्की कशामुळे मोडलं ते कळत नाही.

आता इथे एक रास्त शंका येते की इंग्रजी आपली मातृभाषा नाही तर वाक्य चालतं की नाही हे ठरवणार कोण. मी दोन गोष्टी केल्या. पुस्तकात दिलेली जी वाक्यं अभ्यासकांनी वर्षानुवर्षं तपासलेली आहेत त्यांच्यापासून सुरुवात केली, आणि स्वतः केलेलं वाक्य असेल तर ते कॉर्पसमध्ये शोधलं. कॉर्पस म्हणजे खऱ्या लिखाणाचा आणि बोलण्याचा मोठा साठा. ब्रिटिश नॅशनल कॉर्पस 10 कोटी शब्दांचा आहे, अमेरिकन इंग्रजीचा कोका नावाचा आहे तो 100 कोटींच्या वर. एखादी रचना एवढ्या साठ्यात सापडली नाही म्हणजे ती चुकीचीच असं लगेच म्हणता येत नाही, पण तिच्या शेजारची रचना हजारो वेळा येते आणि ही एकदाही येत नाही असं दिसलं की आपल्या अंदाजाला बळ मिळतं.

मग आले ते गट. म्हणजे वाक्य हे शब्दांची सरळ रांग नसून शब्दांचे गट, गटांचे मोठे गट असं बांधलेलं असतं ही कल्पना. अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ लेनर्ड ब्लूमफिल्डने 1933 मध्ये 'पुअर जॉन रॅन अवे' हे चार शब्दांचं वाक्य घेऊन दाखवलं होतं की ते चार तुकड्यांत नाही तर आधी दोन तुकड्यांत फुटतं, 'पुअर जॉन' आणि 'रॅन अवे', आणि मग ते दोघे पुढे फुटतात. वाचायला अगदी साधं वाटतं. पण मनातल्या मनात हो म्हणणं वेगळं आणि गट कुठे सुरू होतो कुठे संपतो हे पुराव्यानिशी दाखवणं वेगळं, आणि त्यासाठी टेस्ट असतात. मला खरी गोडी लागली ती ह्या टेस्टची.

एक जोडी इथे पूर्ण उलगडून दाखवते, कारण हिच्यावर मी खूप वेळ घालवला आणि तो सगळा सत्कारणी लागला. 'शी लुक्ड अप द नंबर' आणि 'शी लुक्ड अप द चिमनी'. पहिल्याचा अर्थ तिने नंबर शोधून काढला, दुसऱ्याचा तिने धुराड्यात खालून वर बघितलं. शब्दांची रांग डिट्टो तीच, फक्त शेवटचा शब्द वेगळा. शाळेच्या पद्धतीने 'अप' ला दोन्हीकडे प्रिपोझिशन म्हणून मोकळं होता येतं. आता हलवून बघू. 'शी लुक्ड द नंबर अप' चालतं. 'शी लुक्ड द चिमनी अप' ला त्या अर्थाने स्टार. पुढे, 'अप द चिमनी शी लुक्ड' हे जरा गोष्टीतल्यासारखं वाटतं पण चालतं, 'अप द नंबर शी लुक्ड' अजिबात नाही. मध्ये काही घालून बघू: 'लुक्ड राइट अप द चिमनी' छान, 'लुक्ड राइट अप द नंबर' ला स्टार. म्हणजे चिमनीच्या वाक्यात 'अप द चिमनी' हा एक गट आहे, एकत्र उठतो एकत्र बसतो, आणि नंबरच्या वाक्यात 'अप' चं नातं 'लुक्ड' शी आहे, 'द नंबर' शी नाही. ह्या दुसऱ्या 'अप' ला पार्टिकल म्हणतात. आणि सगळ्यात उपयोगी टेस्ट शेवटची, नामाच्या जागी 'इट' ठेवा. चिमनीसाठी 'लुक्ड अप इट' ठीक, पण नंबरसाठी 'लुक्ड इट अप' असंच म्हणावं लागतं, 'लुक्ड अप इट' चालत नाही. म्हणजे पार्टिकल असेल तर सर्वनाम मध्येच बसणार. 'टर्न इट ऑफ', 'पिक हिम अप', 'थ्रो देम अवे'. फ्रेझल व्हर्बच्या लांबलचक याद्या पाठ केल्या होत्या तेव्हा ही गोष्ट कुणी सांगितली नव्हती, आणि एकदा गट दिसला की सांगावी पण लागत नाही.

दोन अर्थांच्या वाक्यांची मजाही ह्याच टेस्टमधून कळते. 'शी फोटोग्राफ्ड द बॉय विथ द कॅमेरा'. कॅमेरा कुणाकडे आहे, तिच्याकडे की मुलाकडे? शब्द तेच, क्रम तोच, मग अर्थ दोन कसे? कारण बांधणी दोन आहेत. 'विथ द कॅमेरा' हा गट एकदा 'द बॉय' च्या आत असतो आणि एकदा बाहेर, क्रियापदाच्या बाजूला. 'द बॉय विथ द कॅमेरा' ह्या सगळ्याच्या जागी 'हिम' ठेवलं तर 'शी फोटोग्राफ्ड हिम' एवढंच उरतं आणि कॅमेरा मुलाकडचाच होता. पण फक्त 'द बॉय' च्या जागी 'हिम' ठेवलं तर 'शी फोटोग्राफ्ड हिम विथ द कॅमेरा', आणि आता कॅमेरा तिच्याच हातात आला, दुसरा अर्थ पार गेला. मराठीत हा घोळ होतच नाही कारण 'कॅमेऱ्याने फोटो काढला' आणि 'कॅमेरावाल्या मुलाचा फोटो काढला' इथे प्रत्ययच काम वाटून घेतात. इंग्रजीत प्रत्यय फार थोडे उरलेत, म्हणून सगळा भार शब्दांच्या क्रमावर आणि गटांवर पडतो. हे एकदा नीट डोक्यात बसलं की इंग्रजी क्रमाच्या बाबतीत इतकी कडक का, याचं आश्चर्य वाटत नाही.

ह्या काळात मी झाडं खूप काढली. म्हणजे ट्री डायग्राम. शाळांमधून, विशेषतः अमेरिकेत, रीड आणि केलॉग ह्या दोघांची 1877 ची एक जुनी रेषांची पद्धत होती, आडव्या रेषेवर कर्ता आणि क्रियापद, तिरक्या रेषांवर विशेषणं वगैरे, दिसायला फार सुबक. पण त्यात वाक्यातला शब्दांचा मूळ क्रम विस्कटतो. ट्रीमध्ये क्रम तसाच खाली राहतो आणि वर फांद्या जुळत जातात. मी नेहमी खालून वर जाते, आधी सगळे शब्द ओळीत लिहायचे, मग जवळचे जवळचे जोडायचे, आणि प्रत्येक जोडणीला किमान एक टेस्ट द्यायची. वरून खाली काढलेलं झाड चटकन होतं पण त्यात आपण आधीच ठरवलेलं वाक्यावर लादतो असं माझं मत आहे. टेस्ट न लावता काढलेलं झाड म्हणजे नुसतं चित्र.

पार्ट्स ऑफ स्पीचचं पण असंच झालं. नाम म्हणजे व्यक्ती, वस्तू किंवा स्थळाचं नाव, क्रियापद म्हणजे क्रिया दाखवणारा शब्द, ह्या व्याख्या सगळ्यांना पाठ असतात. मग 'डिस्ट्रक्शन' ही क्रिया नाही तर काय आहे? तरी ते नाम आहे, का, तर त्याच्या आधी 'द' येतो, त्याला भूतकाळाचा 'एड' लागत नाही, ते कर्त्याच्या जागी बसतं. शब्दाची जात अर्थावरून नाही, तो कुठे बसतो आणि कुणाबरोबर राहतो यावरून ठरते. चार्ल्स फ्राइजने 1952 मध्ये हे इतकं टोकाला नेलं की त्याने नाउन, व्हर्ब ही नावंच टाकून दिली, क्लास 1, क्लास 2 असे नुसते नंबर दिले. त्याने त्यासाठी सुमारे 50 तासांची फोनवरची खरी संभाषणं रेकॉर्ड केलेली वापरली होती, त्या काळात हे खूप मोठं काम होतं. एक साचा घ्यायचा, 'द अमुक वॉज गुड' असा, आणि त्या अमुकच्या जागी जे जे बसेल ते एका वर्गात. मला हे फार प्रामाणिक वाटलं. नावं टाकून द्यायची गरज नाही, पण नाव देण्याआधी जागा बघायची सवय लागायला ह्यासारखा उपाय नाही.

ह्याच सवयीतून माझा एक जुना प्रश्न सुटला. 'माय' हा शब्द. काही पुस्तकं त्याला प्रोनाउन म्हणतात, काही ॲडजेक्टिव्ह. जागा बघू. 'द बिग बुक' चालतं, 'माय बिग बुक' चालतं, पण 'द माय बुक' ला स्टार, 'दिस माय बुक' ला आजच्या इंग्रजीत स्टार. म्हणजे 'माय' हा 'बिग' च्या जातीचा नाहीच, तो 'द' आणि 'दिस' च्या जागेवर हक्क सांगणारा आहे आणि त्या जागेवर एकालाच बसता येतं. ह्यांना डिटर्मिनर म्हणतात. आता मराठी बघा, 'हे माझं पुस्तक कुठे ठेवू' हे आपण दिवसातून कितीदा बोलतो, त्यात 'हे' आणि 'माझं' शेजारी शेजारी सुखाने बसतात, कारण मराठीत 'माझा, माझी, माझं' हा विशेषणासारखा वागतो, नामाच्या लिंगाप्रमाणे बदलतो. म्हणून आपल्याकडची माणसं इंग्रजीत 'दिस माय बुक' म्हणून जातात. त्यात त्यांचं ज्ञान कमी आहे असं नाही, मराठीचा एक पक्का नियम ते इंग्रजीत लावतायत एवढंच. इंग्रजीत मग 'दिस बुक ऑफ माइन' असा लांबचा रस्ता का घेतात तेही लगेच कळतं, जागा एकच आहे आणि ती 'दिस' ने घेतलीय, 'माय' ला मागून यावं लागणार. पुढे 1987 मध्ये स्टीव्हन ॲबनीने एमआयटीच्या प्रबंधात असं मांडलं की ह्या सगळ्या गटाचा प्रमुखच नाम नसून डिटर्मिनर आहे. ते पटायला मला वेळ लागला, पण 'द' हा इवलासा शब्द नाही, एक जागा आहे, हे मात्र पक्कं बसलं.

आता येते मूळ प्रश्नाकडे, त्या 'डू' कडे. शाळेतला बारा खणांचा टेन्सचा तक्ता आठवा. भाषाशास्त्रज्ञ नोम चॉम्स्कीने 1957 मध्ये हा सगळा पसारा एका ओळीत आणला. आधी काळ, मग हवा तर एक मोडल, म्हणजे कॅन, मे, मस्ट, विल वगैरे, मग हवं तर 'हॅव' आणि त्याच्याबरोबर 'एन' हा प्रत्यय, म्हणजे क्रियापदाचं तिसरं रूप, ते दिसायला कसंही असो, मग हवा तर 'बी' आणि त्याच्याबरोबर 'इंग', आणि शेवटी मुख्य क्रियापद. काळ आणि मुख्य क्रियापद सोडून बाकी सगळं ऐच्छिक, पण क्रम अजिबात बदलायचा नाही. आणि गंमत अशी की प्रत्यय ज्याच्याबरोबर येतो त्याला चिकटत नाही, पुढच्याला चिकटतो. रेल्वेच्या डब्यांसारखं, प्रत्येक डब्याचा आकडा मागच्या डब्यात अडकतो. 'शी मस्ट हॅव बीन स्लीपिंग' घ्या. 'हॅव' चा 'एन' जाऊन 'बी' वर बसला म्हणून 'बीन', 'बी' चा 'इंग' जाऊन 'स्लीप' वर बसला म्हणून 'स्लीपिंग', आणि काळ सगळ्यात पहिल्या 'मस्ट' ने घेतला म्हणून 'हॅव' चं 'हॅज' कधीच होत नाही, कर्ता 'शी' असला तरी. पॅसिव्हसाठी शेवटी अजून एक 'बी' आणि 'एन' जोडा. 'द हाउस इज बीइंग बिल्ट' मध्ये पहिल्या 'बी' ने काळ घेतला, 'इज' झाला, त्याचा 'इंग' दुसऱ्या 'बी' वर बसून 'बीइंग' झाला, आणि दुसऱ्याचा 'एन' 'बिल्ड' वर, 'बिल्ट'. हे पहिल्यांदा वहीवर जुळलं त्या दिवशी मी हाताला येईल ते वाक्य घेऊन सोडवत बसले होते, पेपरमधली, जुन्या पुस्तकांतली, औषधाच्या बाटलीवरची सुद्धा, आणि सगळी बसत होती. तक्त्याचे बारा खण वेगवेगळे पाठ करण्याचं कामच उरलं नाही.

आणि ह्याच ओळीत 'डू' चं उत्तर आहे. प्रश्न करायचा म्हणजे काळ आणि त्याला धरून असलेलं पहिलं सहायक क्रियापद कर्त्याच्या पुढे जाणार. 'शी कॅन स्विम' चं 'कॅन शी स्विम'. पण 'ही प्लेज' मध्ये सहायक कुणीच नाही, मग पुढे जातो तो एकटा काळ, म्हणजे तो 'ज'. प्रत्यय हवेत लटकू शकत नाही, त्याला टेकायला क्रियापद लागतं, आणि 'प्ले' तर कर्त्याच्या पलीकडे राहिलं. म्हणून एक अर्थ नसलेलं क्रियापद आणून उभं करतात, 'डू', त्याला तो 'ज' लागतो आणि 'डझ' होतं. तो 'ज' गायब झालाच नव्हता, 'डझ' मध्ये जाऊन बसला होता! नकारात 'नॉट' मध्ये येऊन वाट अडवतो, तिथेही तेच, 'ही डझ नॉट प्ले'. ठासून सांगायचं असेल तर 'ही डझ प्ले'. शेपटीचा प्रश्न, 'ही प्लेज वेल, डझन्ट ही'. चार वेगळे धडे होते आमच्या पुस्तकात, चारही एकाच कारणाचे. आणि हा नियम कायमचाच होता असंही नाही, 16व्या-17व्या शतकातल्या इंग्रजीत 'आय नो नॉट' सारखी वाक्यं सर्रास आहेत, तेव्हा मुख्य क्रियापद स्वतःच 'नॉट' ओलांडून पुढे जायचं. आज ते फक्त 'बी' ला जमतं, 'इज ही टॉल', आणि काही ठिकाणी 'हॅव' ला.

त्या ओळीकडे नीट बघितलं तर अजून एक गोष्ट दिसते, तिथे 'विल' हा काळ म्हणून नाही तर मोडल म्हणून बसलाय. इंग्रजीत क्रियापदाच्या रूपावर दिसणारे काळ दोनच, वर्तमान आणि भूत. मला हे सुरुवातीला अजिबात झेपलं नाही, फ्यूचर टेन्स नाही म्हणजे काय. पण 'विल' ची वागणूक तपासा, 'शी विल्स' होत नाही, 'टू विल' ह्या अर्थाने होत नाही, 'विल' आणि 'कॅन' एकत्र येत नाहीत, सगळं वागणं हुबेहूब 'कॅन' सारखं. दारावर बेल वाजल्यावर 'दॅट विल बी हर' म्हणतात तेव्हा तर उद्याचा काही संबंधच नाही, आत्ताचा अंदाज आहे. आणि उद्याबद्दल बोलायला 'विल' लागतोच असंही नाही, 'द मीटिंग स्टार्ट्स ॲट नाइन टुमॉरो', 'आय ॲम लीव्हिंग टुमॉरो', 'इफ इट रेन्स टुमॉरो'. आपल्याला हे पटायला जड जातं कारण मराठीत 'जाईन, जाशील, जाईल' असा भविष्यकाळ चक्क क्रियापदाच्या पोटात आहे, मग वाटतं सगळीकडे असणारच. सगळे अभ्यासक ह्यावर एकमत आहेत असं नाही, शिकवायच्या पुस्तकांत फ्यूचर टेन्स अजून आहे आणि नवशिक्याला तो सोयीचाही पडतो. पण वर्गीकरण सोयीसाठी आहे की पुराव्यावर, एवढं मुलांना सांगायला काय हरकत आहे?

प्रश्नाच्याच बाबतीत अजून एक. 'द गर्ल हू इज सिंगिंग इज टॉल' ह्याचा प्रश्न करा. ह्यात 'इज' दोन आहेत, पुढे कुठला आणायचा? पहिला आणला तर 'इज द गर्ल हू सिंगिंग इज टॉल', स्टार. आणायचा दुसरा, 'इज द गर्ल हू इज सिंगिंग टॉल'. म्हणजे नियम शब्द मोजून चालत नाही, गट बघून चालतो, कर्त्याच्या गटाच्या आत जो 'इज' आहे त्याला हात लावायचा नाही. चॉम्स्कीचा हा आवडता मुद्दा, मुलांना कुणी शिकवत नाही तरी ती शब्द मोजण्याचा सोपा नियम लावत नाहीत. मुलांना हे कसं येतं ह्यावर आजही वाद चालू आहेत, पण नुसते शब्द मोजून हा नियम सांगता येत नाही ह्यावर नाही.

आणि 'आय डोन्ट नो व्हेअर इज ही' हे वाक्य, जे आपल्याकडे इतकं ऐकू येतं. मराठीत 'तो कुठे आहे' आणि 'तो कुठे आहे मला माहीत नाही' ह्यात आतला तुकडा जसाच्या तसा राहतो, म्हणून माणूस इंग्रजीतही प्रश्न जसाच्या तसा उचलून आत ठेवतो. इंग्रजीत आतल्या उपवाक्यात सहायक पुढे सरकत नाही. का, तर 'आय आस्क्ड इफ ही वॉज रेडी' बघा, कर्त्याच्या आधीची जागा 'इफ' ने घेतलीय, आणि 'इफ वॉज ही रेडी' असं कधीच होत नाही. बऱ्याच विश्लेषणांत असं मानतात की सहायक सरकून जिथे जातो ती आणि 'इफ' ची जागा एकच आहे. इनडायरेक्ट स्पीचचा जो धडा आम्ही वेगळा रट्टा मारून केला तो ह्या एका जागेच्या हिशेबात बसतो. 'व्हेअर' असेल तेव्हा ती जागा रिकामी दिसते तरी सहायक सरकत नाही, ते समजायला थोडं पुढचं वाचावं लागतं, आणि रोजच्या बोलण्यातल्या काही इंग्रजी बोलींमध्ये तो सरकतोही. म्हणून मी इथे फार ठाम बोलत नाही.

पुस्तकं एकमेकांशी भांडतात हा अनुभव सुरुवातीला दमवणारा होता, नंतर तोच सगळ्यात आवडायला लागला. उदाहरणार्थ 'बिफोर'. 'बिफोर द मीटिंग' मध्ये प्रिपोझिशन, 'बिफोर ही लेफ्ट' मध्ये कंजंक्शन, 'आय हॅव सीन इट बिफोर' मध्ये ॲडव्हर्ब, असं परंपरेने सांगतात. एकच शब्द, एकच अर्थ, आणि तीन जाती. हडलस्टन आणि पुलम ह्यांनी 2002 च्या त्यांच्या मोठ्या व्याकरणात तिन्हीकडे प्रिपोझिशनच म्हटलंय, फक्त पुढे काय येतं ते वेगळं. त्यांचा युक्तिवाद मला पटला, कारण 'नो' हे क्रियापद बघा, 'आय नो हर', 'आय नो दॅट शी लेफ्ट', आणि नुसतं 'आय नो'. पुढे नाम आलं, वाक्य आलं, काहीच नाही आलं, तरी आपण 'नो' ला तीन जाती देत नाही, क्रियापदच म्हणतो. मग 'बिफोर' ला का द्यायच्या? जे कारण एकीकडे चालतं ते दुसरीकडे का चालू नये, असा प्रश्न विचारायची हिंमत ह्या अभ्यासाने दिली. क्वर्क आणि त्यांच्या सहकाऱ्यांचं 1985 चं व्याकरण मात्र जुनी वाटणी बरीचशी ठेवतं, आणि त्यात वापराची उदाहरणं इतकी भरपूर आहेत की ते बाजूला ठेवता येत नाही. दोन्ही उघडी ठेवून एकाच रचनेवर काय म्हटलंय ते वाचायचं, मग स्वतःची वाक्यं काढायची, हा माझा बरेच महिने चाललेला उद्योग.

ह्याने बोलणं सुधारतं का असं मला विचारतात. थेट नाही. फाडफाड बोलायला ऐकणं आणि बोलणंच लागतं, त्याला दुसरा इलाज नाही. 'ए' आणि 'द' कुठे लावायचं हेही झाडं काढून फारसं येत नाही, ते वाचनातून हळूहळू मुरतं. पण वाचताना फरक प्रचंड पडतो. एखादं अर्ध्या पानाचं कायदेशीर वाक्य समोर आलं की मी आधी मुख्य क्रियापद शोधते, म्हणजे काळ घेतलेलं आणि कुठल्याही उपवाक्याच्या आत नसलेलं, मग त्याच्या कर्त्याचा गट कुठे संपतो ते बघते, आणि बाकीचं सगळं आपोआप आपापल्या जागी लोंबकळायला लागतं. 'द हॉर्स रेस्ड पास्ट द बार्न फेल' हे टॉमस बेव्हरचं 1970 चं प्रसिद्ध वाक्य आहे, ते वाचताना 'फेल' पाशी सगळे अडखळतात, कारण 'रेस्ड' लाच मुख्य क्रियापद धरलेलं असतं, खरं तर 'रेस्ड' म्हणजे इथे 'पळवलेला' आणि मुख्य क्रियापद 'फेल'. 'रेस्ड' च्या जागी 'रिडन' ठेवा, 'द हॉर्स रिडन पास्ट द बार्न फेल', लगेच सरळ होतं, कारण 'रिडन' हे भूतकाळाचं रूप असूच शकत नाही. लिहिताना मी आता हे मुद्दाम बघते, वाचणारा चुकीच्या फांदीवर चढेल असा शब्द तर मी ठेवला नाही ना. मराठी लिहितानासुद्धा.

कुणाला सुरुवात करायची असेल तर माझं म्हणणं एवढंच, थिअरीच्या नावांपासून सुरू करू नका. एक्स-बार, मिनिमलिझम वगैरे नंतर येऊ दे. आधी कर्ता शोधणं, गटाच्या जागी 'इट' आणि 'वन' ठेवून बघणं, पुढे आणून बघणं, 'इट वॉज अमुक दॅट' ह्या साच्यात घालून बघणं, एवढ्यावर महिना दोन महिने काढा. आणि एखादी टेस्ट नाही म्हणाली म्हणजे गट नाहीच असं समजू नका, टेस्टलाही मर्यादा असतात, दोन-तीन टेस्ट एका बाजूला बोलल्या की मगच लिहा.

मी सध्या 'इंग' वर आहे. 'हिज क्विकली पेंटिंग द वॉल' आणि 'हिज क्विक पेंटिंग ऑफ द वॉल'. दोन्हीत 'हिज' आहे, दोन्हीत 'पेंटिंग' आहे. पहिल्यात 'क्विकली' आहे आणि 'द वॉल' सरळ कर्म म्हणून आलंय, म्हणजे 'पेंटिंग' क्रियापदासारखं वागतंय, दुसऱ्यात 'क्विक' आणि 'ऑफ', म्हणजे चक्क नाम. 'द क्विक पेंटिंग ऑफ द वॉल' होतं, 'द क्विकली पेंटिंग द वॉल' होत नाही. मग पहिल्यात आतून क्रियापद आणि बाहेरून नाम अशी बांधणी आहे का, आणि असेल तर ती कूस नक्की कुठे बदलते, 'हिज' च्या खाली की अजून आत? 'हिज' ऐवजी 'हिम' ठेवलं, 'हिम पेंटिंग द वॉल', तर चालतं, पण 'हिम पेंटिंग ऑफ द वॉल' नाही चालत. हे असं का याची वाक्यं काढणं चालू आहे, वहीची चार पानं भरलीत आणि स्टार अजून वाढतायत.